पाणंद

तासगावच्या पुढच्या माळावर एक शीतगृह होतं. वरच्या मजल्यांवर बेदाण्याची खोकी आणि खाली, जमिनीच्या पोटात, देशातलं सगळ्यात गुप्त अस्त्र. लढाईला दुसरं वर्ष लागलं होतं. उत्तरेकडच्या खिंडीत दोन्ही बाजूंची पोरं बर्फात समोरासमोर बसून होती. ती लढाई संपवायचं काम दिल्लीनं ज्या माणसावर टाकलं होतं, तो इथं पांढरा हाफशर्ट घालून शीतगृहाचा मॅनेजर म्हणून वावरत होता. मेजर जनरल रणधीर इंगवले. आसपासच्या बागायतदारांत त्यांची ख्याती काय, तर मॅनेजर माल चोख सांभाळतो पण मेला कधी चहा विचारत नाही!

सोंग बरं वठलं होतं, एक गोष्ट सोडून. फाटकावरचे वॉचमन म्हणजे खरे जवान. साहेब दिसले तरी सॅल्यूट ठोकायचा नाही, असं त्यांना हज्जारदा बजावलं होतं. पण हाडात मुरलेली सवय ती! इंगवले समोरून आले की त्या बिचाऱ्यांचा हात टोपीपर्यंत जायचा आणि तिथं जाऊन कान खाजवायचा. बेदाणे घेऊन येणारे ट्रकवाले म्हणायचे, ह्या वॉचमनांना कानाचा काहीतरी रोग आहे बुवा.

आता ह्याला गंमत म्हणा की दैवाची थट्टा, इंगवल्यांचं घर तिथून एसटीनं तासाभरावर होतं. मिरजेत. घरी बायको, वृषाली, फिजिओथेरपिस्ट. घरातच पुढच्या खोलीत तिचं क्लिनिक. तिच्या लेखी नवरा उत्तरेत, बर्फात. प्रकल्पातल्या कुणीही लढाई संपेपर्यंत फाटकाबाहेर पाऊल टाकायचं नाही, घरी फोन करायचा नाही, असा नियमच होता, आणि तो खुद्द इंगवल्यांनीच केलेला होता. नियम करणाऱ्यानं तो सगळ्यांआधी पाळायचा, हे ओघानं आलं. वृषाली मेथीचे लाडू आणि लोकरीचे मोजे लष्करी टपालाच्या पत्त्यावर धाडायची. ते पार्सल मिरजेहून पठाणकोटला जायचं, तिथून चार ठिकाणी फिरून तासगावात यायचं. बाहेर ऊन मी मी म्हणत असायचं आणि इंगवले तळघरात लोकरीचे मोजे घालून बसलेले असायचे. लाडवांचा तोवर दगड झालेला असे. तो दगड ते दाढेखाली धरून चघळत बसत. कुणाला एक तुकडाही देत नसत.

अस्त्राचं नाव त्यांनीच ठेवलं होतं, पाणंद. शेतातून गावात शिरते ती वाट. दिल्लीच्या साहेबांना तो शब्द नीट उच्चारता यायचा नाही, आणि गुप्त नावाला आणखी काय लागतं!

कल्पना मात्र डॉ. आस्मा मुजावर यांची. मेंदूशास्त्रातलं मोठं नाव. बोलायला फटकळ, कामाला वाघ. पहिल्याच भेटीत त्यांनी इंगवल्यांना सांगितलं होतं, "साहेब, कोकराला मेंढीपासून तोडलं की ते ओरडतं. ते त्याला कुणी शिकवत नाही. मेंदूतच तशी सोय आहे. आपलं माणूस जवळ असलं की मेंदू अफूसारखी काही रसायनं स्वतःच तयार करून थोडी थोडी सोडत राहतो. त्यानं जिवाला स्वस्थता येते. माणूस दुरावलं की ही धार आटते आणि जीव तुटायला लागतो. हे नुसतं बोलण्यापुरतं नाही बरं का. अंगाला चटका बसला की मेंदूचा जो भाग पेटतो, त्यातलाच काही भाग ह्यानंही पेटतो."

बाईंनी असा एक रेणू बांधला होता, की जो श्वासाबरोबर नाकाच्या वरच्या टोकाला पोचे, तिथल्या मज्जातंतूंवाटे मेंदूत शिरे आणि ती धार काही तासांपुरती बंद करून टाकी. भीती नाही, भ्रम नाही, राग नाही. माणूस शुद्धीत असतो, नाव-गाव सांगू शकतो. फक्त घराची ओढ एवढी अनावर होते, की हातातली बंदूक खाली ठेवून तो चालायला लागतो. खिंडीवर धुक्यासारखा हा फवारा सोडायचा, समोरची पलटण उठून आपापल्या घरी जाईल. रक्ताचा एक थेंब नाही! शेळ्या-करडांवर प्रयोग झाले होते. एका शेळीनं भिंतीपलीकडच्या करडासाठी धडका देऊन देऊन शिंग मोडून घेतलं होतं. दिल्लीला गेलेल्या अहवालात त्यापुढे 'परिणाम उत्तम' असा शेरा होता.

माणसांवरच्या चाचणीला बाईंना आणखी सवड हवी होती. पण इंगवल्यांच्या मागे दिल्लीचा रोजचा तगादा.

"बाई, बर्फ वितळलं की समोरचे चढाई करणार. त्याआधी मला हे तिथं पोचवायचंय."

"मला काय कळत नाही का, साहेब? माझा सलीम आहे तिथं." सलीम म्हणजे त्यांचा धाकटा भाऊ, खिंडीत कॅप्टन होता. "पण घाईत केलेलं शास्त्र अंगाशी येतं."

"येऊ दे माझ्या अंगाशी. पहिला श्वास मी घेणार."

फौजेत रीतच आहे तशी. जवानानं जे अंगावर घ्यायचं, ते अधिकाऱ्यानं आधी घ्यायचं. स्वतःहून पुढे आलेले जवान चाचणीसाठी तयार होते, पण इंगवल्यांच्या आधी कुणी नाकाला मुखवटा लावायचा, ही गोष्ट त्या तळघरात कुणाच्या डोक्यातसुद्धा आली नसती. बाईंनी हुज्जत घालून पाहिली आणि मग हात टेकले.

"ठीक आहे. पण चाचणी माझ्या पद्धतीनं होईल. त्यात तुमची ढवळाढवळ नको."

"तुमची पद्धत तुम्हाला लखलाभ," इंगवले म्हणाले. पद्धत कसली, हे काही त्यांनी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी नाश्ता झाल्यावर ते काचेच्या खोलीत जाऊन बसले. पायात रबरी चपला आणि अर्थातच मोजे. मुखवट्यातून दमट, किंचित खारट हवा आली. त्यांनी छातीभर ओढून घेतली. एकदा, दोनदा, पुन्हा. पलीकडून बाई बघत होत्या.

आधी काहीच वाटलं नाही. मग वृषाली आठवली. पेशंटचा खांदा दाबताना ती खालचा ओठ दातात धरते, ते आठवलं. तिच्या हाताला कायम येणारा मालिशच्या तेलाचा वास आठवला. इतके महिने हे असलं काही आठवलं की इंगवले उठून कुणाला तरी झापायला जायचे. आज ते बसून राहिले. येऊ दे, आज येऊ दे, आज तर ते यायलाच हवं. आणि ते असं काही आलं म्हणता! छाती भरून आली, डोळे वाहायला लागले. आता आपल्या हातात काही नाही, हे लक्षात आलं तेव्हा त्यांना फार मोठा दिलासा वाटला. ते उठले, मुखवटा काढला आणि जिना चढून वर आले.

चाचणीचा बंदोबस्त पक्का होता. औषध घेतलेला माणूस उठला तर त्याला फाटकाच्या आत अडवायचं, असा स्पष्ट हुकूम होता. पण तो हुकूम जवानांसाठी. दस्तुरखुद्द जनरलसाहेब उठून फाटकाशी आले तर त्यांना अडवायचं कुणी, ह्याचा विचार कुणी केलाच नव्हता. तो करायचा तरी कुणी? हुकूम काढणारे तेच की! वॉचमनांनी एकमेकांकडे पाहिलं. साहेब थेट त्यांच्या डोळ्यांत बघून म्हणाले, "फाटक उघडा." फाटक उघडलं. आणि त्या गडबडीत इतक्या महिन्यांचा दाबून ठेवलेला सॅल्यूट एकदाचा कडक बसला.

मागून सुभेदार मेजर चोपडे धावत आले तेव्हा साहेब रस्त्याला लागले होते. चोपड्यांनी दोन वॉचमनांना मोटरसायकलवर बसवून मागोमाग पाठवलं. साहेबांना अडवायची त्यांचीही छाती नव्हती. ती मोटरसायकल सबंध वाटभर इंगवल्यांच्या मागे बैलगाडीच्या चालीनं चालत राहिली.

ऊन चढलं. द्राक्षबागा मागे पडत गेल्या, बेदाण्याचे मांडव मागे पडले. चपलेचा पट्टा तुटला, तशी त्यांनी दोन्ही चपला तिथंच सोडल्या. डांबर भाजत होतं. मोज्यांची लोकर आधी विरली, मग तळव्यांना चिकटली. ओळखीच्या एका बागायतदारानं गाडी थांबवली.

"ओ मॅनेजर! अनवाणी कुठं निघालाय?"

"घरी."

"मग बसा की गाडीत!"

इंगवल्यांना ते ऐकूही आलं नाही. मिशीला पीळ देणारा हा माणूस, ज्याच्या आवाजानं पलटण चळाचळा कापायची, तो भर रस्त्यात लोकांदेखत रडत चालला होता. आणि खरं सांगायचं तर त्याला फार बरं वाटत होतं. रस्त्यात प्यायला पाणी मागायचंसुद्धा त्याला सुचलं नाही.

दिवेलागणीला मिरजेत घराची घंटा वाजली. दार वृषालीनंच उघडलं.

"अहो!" ती म्हणाली. हातातला टॉवेल खाली पडला. मग तिची नजर पायांकडे गेली. "अगं बाई, हे काय करून घेतलंत? कुठून येताय असे?"

"तासगावाहून."

"तासगावाहून? म्हणजे उत्तरेतून तिथवर गाडीनं आलात का?"

"उत्तरेत नव्हतोच गं. इतके दिवस तासगावातच होतो."

ती दाराला धरून उभी राहिली.

"तासगावात," ती म्हणाली. "आणि मी इथं रोज बातम्या लावून बर्फात गेलेल्यांची नावं ऐकत बसायची. आणि तुम्ही इथं होतात, हाकेच्या अंतरावर?"

"सांगायची परवानगी नव्हती."

"आज मिळाली?"

"नाही. आज औषध दिलंय मला. चाचणी होती एक. ओढ लावणारं औषध आहे. त्यानं आलो."

वृषालीचा चेहरा उतरला.

"म्हणजे तुम्ही नाही आलात," ती म्हणाली. "औषधानं आणलं तुम्हाला."

"हो," इंगवले म्हणाले. त्यांच्या समजुतीप्रमाणे ते खरंच होतं.

त्यानंतर ती एकदम कामाचं बोलू लागली. त्यांना क्लिनिकमधल्या बाकावर बसवलं, गरम पाण्याचं घमेलं आणलं, चिमट्यानं लोकरीचा एकेक धागा जखमांतून काढला. डोकं दुखतंय का, चक्कर येतेय का, हे उतरतं कधी, अशा चौकश्या केल्या. ते पाणी मागतील तेवढं दिलं. इंगवल्यांना तिच्या मांडीवर डोकं ठेवायचं होतं. तिनं उशी दिली. तिच्या कानशिलापाशी केस पांढरे झाले होते, ते त्यांना हात लावून बघायचे होते. पण ती पेशंटच्या स्टुलावर, हाताला येणार नाही अशी लांब बसली होती. बाहेर वॉचमन खाकरले तेव्हा तीच उठली.

"आता उतरत आलं असेल," तिनं वॉचमनांना सांगितलं. "सांभाळून न्या. पायांवर जोर पडू देऊ नका."

परत आल्यावर इंगवले औषध उतरायची वाट बघत राहिले. काही तास म्हणाल्या होत्या बाई. तास गेले, दिवस गेले. छातीतलं ते काही हलेना. बाईंचा रेणू भलताच चिवट निघाला, असं त्यांना वाटलं. एवढ्यात दिल्लीहून निरोप आला: समिती येतेय. पोलादी छातीचा जनरल अनवाणी चालत घरी गेला, ह्यापेक्षा मोठा पुरावा तो काय हवा? बाकीच्या चाचण्यांची गरज नाही. चौकशीचा सोपस्कार उरकला की धुकं खिंडीकडे रवाना.

इंगवले लंगडत बाईंच्या खोलीत गेले. "हे उतरत का नाही हो?"

बाईंनी दार लावून घेतलं. चष्मा काढला, पुसला, परत घातला.

"साहेब, माझ्या विद्येतही एक रीत आहे. पहिलं नळकांडं रिकामं द्यायचं. नुसती मिठाच्या पाण्याची वाफ. माणूस नुसत्या समजुतीनं काय काय करतो ते आधी बघायचं आणि औषध त्यानंतर. तुमच्यासाठी मी रीत मोडली नाही."

इंगवल्यांना पटकन कळलंच नाही. "म्हणजे मी..."

"तुमच्या नाकात मीठ-पाणी गेलं. बाकी सगळं तुमचं होतं. तुम्ही उठलात तेव्हा मला कळलं. चोपडे अडवू का म्हणून विचारायला आले, मीच म्हटलं, जाऊ द्या त्यांना."

इंगवले खुर्चीत बसले. आधी त्यांना हसू आलं. मग घाम फुटला. औषधानं गेले असतील तर ते वीर. औषधावाचून गेले असतील तर ऐन लढाईत ठाणं सोडून पळालेला अधिकारी.

"हे आणखी कुणाला ठाऊक आहे?"

"तुम्हाला आणि मला. समितीनं मला बोलावलेलं नाही. त्यांना शास्त्रज्ञ नकोय, उत्तर हवंय. आणि मीही आपण होऊन जाणार नाही, साहेब. लढाई संपली तर सलीम घरी येईल. तुम्हीही जाल." बाईंनी चष्मा पुन्हा काढला. "मी काही फार चांगली बाई नाही."

इंगवले पायाच्या पट्ट्यांकडे बघत होते. घरी जायचं होतं त्यांना. ह्या घटकेला दुसरं काही नको होतं. गप्प बसलं की झालं.

"खरं औषध दिलं असतंत, तर मी काय केलं असतं?"

बाईंनीही त्या पट्ट्यांकडे पाहिलं.

"तुम्ही रस्त्यानं गेलात," त्या म्हणाल्या. "वळण आलं तिथं वळलात. त्या शेळीला दार उघडं होतं, साहेब. तिला ते दिसलं नाही."

समिती आली. वरच्या मजल्यावर खोकी बाजूला सारून टेबलं मांडली. अध्यक्ष लेफ्टनंट जनरल पत्की, मूळचे नागपूरकडचे, बोलायला गोड. साक्षीला वृषालीला आणलं होतं. ती इंगवल्यांकडे न बघता बसली.

"ताई, साहेब घरी आले तेव्हा काय म्हणाले?" पत्कींनी विचारलं.

"औषधानं आलो म्हणाले."

"हेच शब्द?"

"हेच. मी परत विचारलं, तर हो म्हणाले."

"झालं तर मग!" पत्कींनी हात चोळले. "इंगवले, तुमच्या पायांनी लढाई जिंकली बघा."

इंगवले उभे राहिले. तळवे ठणकत होते.

"सर, नळकांडं रिकामं होतं. त्यात औषध नव्हतं."

पत्कींनी टिपणं घेणाऱ्या अधिकाऱ्याला हातानं थांबवलं.

"तुम्हाला ऊन लागलंय," ते हळू आवाजात म्हणाले. "बसा खाली. बसलात तर लढाई संपते आणि तुम्ही मानानं घरी जाता. उभे राहिलात तर कोर्ट मार्शल. कळतंय का?"

"कळतंय, सर. पण मला नुसती सबब मिळाली होती. तेवढ्यावर मी तळवे सोलून घेतले, पाण्याचीही शुद्ध राहिली नाही. खऱ्या औषधानं ती पोरं रस्ता बघणार नाहीत, कडा बघणार नाहीत. बर्फातून नाकासमोर चालत जातील आणि मरतील. एकही घरी पोचणार नाही."

"ती शत्रूची पोरं आहेत."

"हो, सर. घर आहे त्यांना."

"आणि आपली पोरं? आणखी एक हिवाळा तिथं बसतील, त्यांचं काय? ते कुणाच्या माथी?"

"माझ्या," इंगवले म्हणाले.

पत्की त्यांच्याकडे बघत राहिले. "औषध नव्हतं तर मग गेलात कशाला हो, भल्या माणसा?"

"घरी जायचं होतं म्हणून, सर. दुसरं काही नाही. हिची आठवण सोसेना, म्हणून गेलो."

हे बोलताना त्यांनी वृषालीकडे पाहिलं. ती आता सरळ त्यांच्याकडेच बघत होती.

धुकं त्या दिवशी गेलं नाही. पत्कींनी कागद गोळा केले आणि अटकेचा हुकूम दिला. अटकेतल्या अधिकाऱ्याची टोपी आणि पट्टा काढून घेतात, म्हणून सुभेदार मेजर चोपडे पुढे झाले आणि तिथंच घुटमळले. हाफशर्टावरून काढायचं तरी काय?

"ताई, तुम्हाला आणखी काही सांगायचं आहे?" पत्कींनी विचारलं. विचारायचं म्हणून विचारलं.

वृषाली उठली. पदरानं तोंड पुसून तिनं सुरुवात केली.

"मला वाटलं, पेशंट आलाय," ती म्हणाली. "म्हणून पाय धुतले, पट्ट्या बांधल्या आणि पाठवून दिलं. आत आमटी-भात तयार होता हो, साहेब. हे एवढे चालत आले. जेवता का, म्हणूनसुद्धा विचारलं नाही मी."